कबुतरांची शर्यत आणि ओळ चाळीस

...नाही, चूक कोणाची होती हे तेवढं विचारू नका, कारण ते विचारलं की मला पहिल्यापासून सांगावं लागतं, आणि पहिल्यापासून म्हणजे आमच्या बैठकीच्या खोलीतल्या टीव्हीपासून, कारण ते यंत्र टीव्हीला जोडल्याशिवाय चालतच नाही, हे दुकानातल्या त्या पोरगेल्या विक्रेत्यानं मला सांगितलं कधी, तर खोकं माझ्या पिशवीत घालून झाल्यावर. यंत्र तरी केवढं, पावाच्या दोन चकत्या शेजारी शेजारी ठेवल्या की झालं तेवढं. वर रबराची बटणं. दाबलं की दाबल्यासारखं वाटत नाही, आणि नाही दाबलं की दोनदा दाबलेलं असतं. ह्याला म्हणायचं घरगुती संगणक. त्र्याऐंशी साल होतं, सगळ्या देशाला ते खूळ लागलं होतं, टीव्हीवर सांगायचे, जो यंत्राची भाषा शिकणार नाही तो मागे पडेल. मी म्हटलं, मी गालिच्यांच्या गिरणीत छत्तीस वर्षं काढली, अख्खी गिरणीच मागे पडली आणि तिला टाळं लागलं, आता मी आणखी मागे पडून जाणार कुठे?

तुम्हाला सांगतो, मला त्या यंत्राचं काडीचं कौतुक नव्हतं. मला फक्त सिरिल ऑक्सलीची पेन्सिल बंद पाडायची होती.

आता सिरिल कोण? आमच्या हॅदरक्लफ गावच्या कबूतर क्लबाचा निकाल काढणारा, आणि स्वतःही शर्यतीत कबुतरं उतरवणारा. आम्ही सभासद एकवीस, सगळ्यांच्या परसात खुराडी. शर्यतीच्या दिवशी सकाळी सगळ्यांची कबुतरं पार दक्षिणेच्या किनाऱ्यावर, वेमथला, एकदम सोडतात आणि ती आपापल्या घरी येतात. आली की पायातलं रबरी कडं काढायचं, शर्यतीच्या घड्याळात टाकायचं, वेळ उमटते. पण जो आधी पोचला तो जिंकला असं नसतं बरं का, कारण कोणाचं घर टेकडीच्या अलीकडे, कोणाचं पलीकडे. म्हणून अंतर भागिले वेळ, म्हणजे मिनिटाला किती यार्ड, ते गणित काढायचं. आणि ते तीस वर्षं एकटा सिरिल काढतो. कानावरची पेन्सिल काढणार, टोक जिभेला लावणार, आणि म्हणणार, "मंडळी, शांतता." आम्ही बिअरचे पेले पुढ्यात घेऊन शाळेतल्या पोरांसारखे गप्प. एकानं खोकलं तरी हा पहिल्या ओळीपासून पुन्हा सुरू करणार.

आणि त्या तीस वर्षांपैकी बावीस वर्षं मी सभासद. बावीस वर्षांत माझं कबूतर पहिलं आलं किती वेळा? एकदाही नाही. दुसरं आलं सात वेळा. आणि दर वेळी सिरिल माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणणार, "थोडक्यात गेलं रे, व्हर्नन." थोडक्यात म्हणजे किती थोडक्यात, ते त्याची पेन्सिल जाणे. मी काही आरोप करत नाही. पण सात वेळा?

तर झालं काय, फेब्रुवारीच्या वार्षिक सभेत मी उभा राहिलो आणि बोलून बसलो की माझं यंत्र हे गणित एका सेकंदात करील. तेव्हा मला यंत्र नीट चालूही करता येत नव्हतं. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. आमचे अध्यक्ष बेअरस्टो, त्यांना वाद मिटवण्याची फार हौस, ते म्हणाले, "मेमध्ये कपाची शर्यत आहे. दोघं निकाल काढा. ज्याचा चुकेल त्यानं ह्यापुढे निकालाला हात लावायचा नाही." सिरिल म्हणाला, "मला चालेल. माझी पेन्सिल टीव्हीला जोडावी लागत नाही." सगळे हसले. माझी बायको एनिड सँडविच वाटत होती, तीसुद्धा हसली.

मग लागलो शिकायला. यंत्राबरोबर एक पुस्तक होतं, त्यात पहिला धडा असा की यंत्राला द्यायच्या सूचनांना आकडे घालायचे, दहा, वीस, तीस. एक, दोन, तीन का नाही? तर म्हणे, मध्ये काही विसरलं तर घुसवायला जागा. म्हणजे तुम्ही विसरणार हे त्यांनी आधीच गृहीत धरलंय. मी लिहिलं, दहा, पडद्यावर लिही, "व्हर्नन हुशार आहे". वीस, परत दहावर जा. आणि बटण दाबलं. अहो, व्हर्नन हुशार आहे, व्हर्नन हुशार आहे, व्हर्नन हुशार आहे, अख्खा पडदा भरला, वर सरकतोय, खालून नवीन येतंय, थांबायचं नावच नाही. एनिड चहा घेऊन आली, चष्मा लावला, पाहिलं.

"हे कोण म्हणतंय?"

"यंत्र म्हणतंय."

"आणि यंत्राला कोणी सांगितलं?"

थांबवायचं कसं ते पुस्तकात पान सत्तावीसवर होतं, मी होतो पान चारवर. शेवटी भिंतीतला प्लग उपटला. एनिड म्हणाली, "बंद पडेपर्यंत तेच तेच सांगत होतं बिचारं. तूच तसं सांगितलंस." यंत्र बरोबर होतं हो. तोच तर वैताग.

मग मी खरा कबुतरांचा कार्यक्रम, म्हणजे प्रोग्रॅम, लिहायला घेतला. एकवीस सभासद, एकवीस अंतरं, वेळा, भागाकार. लिहिला, बटण दाबलं, पडद्यावर उत्तर काय? "चूक, ओळ चाळीस." बस. कसली चूक? सांगणार नाही. माझे सासरे असेच होते, लग्नात मला नखशिखांत न्याहाळून "हं" म्हणाले होते आणि मेले तरी त्या "हं"चा अर्थ सांगितला नाही. मी ओळ चाळीस पुसून पुन्हा लिहिली. चूक, ओळ चाळीस. मोठ्यानं वाचली. चूक, ओळ चाळीस. मी यंत्राला चार शब्द सुनावले, जे मी गिरणी बंद झाली त्या दिवशी मालकालाही सुनावले नव्हते. आठ दिवस, तुम्हाला सांगतो, आठ दिवस मी त्या एका ओळीपुढे बसून होतो, आणि एनिड शेजारी बसून माझ्याचसाठी स्वेटर विणत होती, कारण तिची मालिका लागणाऱ्या टीव्हीवर माझी ओळ चाळीस होती.

नवव्या दिवशी तिनं सुया खाली ठेवल्या. "बघू," म्हणाली. मी म्हटलं, "तुला काय कळणार त्यातलं, ही यंत्राची भाषा आहे." ती पडद्यापाशी गेली आणि बोट फिरवत वाचायला लागली, ओठ हलवत, विणकामाचा नमुना वाचते ना, अगदी तसं. "हे विणकामच आहे की. ह्याला टाके मोजून देतात. इथून परत जा, एकवीस वेळा कर, मग पुढची ओळ घे. आणि हे बघ, चाळीसमध्ये तुझा टाका सुटलाय." एक स्वल्पविराम. मी घातलाच नव्हता. आठ दिवस मी त्याला शिव्या घालत होतो, आणि यंत्र बरोबर होतं.

तोच तर वैताग.

मला वाटलं, सुटलो. कसला सुटतोय! आगीतून निघालो आणि फुफाट्यात. कारण यंत्र बंद केलं की सगळं विसरतं. एवढं हुशार, आणि सकाळचं संध्याकाळी आठवत नाही. म्हणून तो कार्यक्रम कॅसेटवर उतरवून ठेवायचा, साध्या गाण्याच्या कॅसेटवर, आणि पुन्हा हवा असला की ती कॅसेट वाजवून यंत्राला ऐकवायची. आवाज कसला म्हणाल, तर मांजराची शेपटी दारात सापडली आणि दार कोणी उघडतच नाही, असा, पाच मिनिटं. मी पहिल्यांदा खिडकी उघडी ठेवून वाजवली. माझी कबुतरं सरावाला उडाली होती, ती परत आली, आवाज ऐकला, आणि जाऊन बसली चर्चच्या छपरावर. चाळीस मिनिटं खाली येईनात. मी परसात दाण्यांचा डबा खुळखुळवत उभा, माझी डचेस, माझी सगळ्यात चांगली मादी, वरून माझ्याकडे बघतेय आणि मान फिरवतेय.

आणि कॅसेट कुठली घेतली होती मी? एनिडच्या चर्चमधल्या गायनमंडळाची. मला काय माहीत, वर नाव नव्हतं लिहिलेलं. तिनं रविवारी पाद्रीसाहेबांना चहाला बोलावून कौतुकानं लावली. दोन कडवी छान झाली, आणि तिसऱ्यात देवाचं नाव येणार तिथं किंचाळी सुरू. पाद्रीसाहेब सज्जन माणूस, बिस्कीट हातात धरून पाचही मिनिटं ऐकलं, म्हणाले, "शेवट जरा आधुनिक वाटला." एनिड माझ्याशी तीन दिवस बोलली नाही. म्हणजे बोलली, पण फक्त ओळ चाळीसबद्दल.

मग म्हटलं, गेल्या वर्षीच्या कपाच्या वेळा घालून पडताळून बघू. घातल्या. पहिला निकाल असा की सगळी कबुतरं वेगळ्याच वेगानं उडालेली. का? तर मी पाच तास वीस मिनिटं म्हणून पाच पूर्णांक वीस लिहिलं होतं. यंत्राला वाटलं, पाच तास आणि वर एक पंचमांश. एनिड म्हणाली, "तासाला साठ मिनिटं असतात हे तू त्याला सांगितलंस का?" मी म्हटलं, "हे कोणाला सांगावं लागतं?" "ह्याला लागतं." मग सगळ्याची मिनिटं केली, सेकंदांना साठानं भागून मिनिटांत मिळवलं, तीन नवीन ओळी घुसवल्या, आणि तेव्हा मला कळलं की दहा, वीस, तीस का घालतात.

पुन्हा चालवला. आता चूक निघाली भागाकारात. कुठे? हर्बर्ट क्रॉसलीच्या कबुतराशी. ते गेल्या वर्षी घरी आलंच नव्हतं, बहुधा ससाण्यानं नेलं, म्हणून मी त्याची वेळ घातली शून्य. शून्यानं भागता येत नाही, यंत्र अडून बसलं. मी म्हटलं, अडू नकोस बाबा, शून्य नको तर एक घे, त्यानं काय फरक पडतोय! झालं. निकाल आला. पहिला नंबर हर्बर्ट क्रॉसली, मिनिटाला चार लाख यार्ड. म्हणजे जे कबूतर घरी आलंच नाही, ते दोनशे एकतीस मैल एका मिनिटात आलं. एनिड हसता हसता जमिनीवर बसली. "बरोबर आहे त्याचं," म्हणाली, "तूच त्याला सांगितलंस की एका मिनिटात आलं." मी हर्बर्टला गंमत म्हणून सांगायला गेलो, तर त्याचा चेहरा उजळला. "बघ, मी म्हणत होतो, चांगलं होतं ते कबूतर." अजून सांगत फिरतो सगळ्यांना.

अशी तीन महिने झटापट, आणि आला कपाचा शनिवार. वेमथला सात वाजता कबुतरं सोडली. मी साडेअकरापासून परसात मान वर करून, मानेला रग लागली, एनिडनं जेवण आणून दिलं ते उभ्यानंच खाल्लं. आणि मग टेकडीवरून एक ठिपका आला. डचेस! आता ही बया छपरावर बसून पिसं नीट करत राहील म्हणून मी श्वास धरला, कारण सातपैकी चार वेळा मी दुसरा आलो तो तिच्या ह्या नखऱ्यांपायी. पण नाही, सरळ खुराड्यात. कडं काढलं, घड्याळात टाकलं. बारा वाजून वीस मिनिटं, शून्य सेकंद. पाच तास वीस मिनिटं, एक सेकंद इकडे नाही की तिकडे नाही. मी परसात उडीच मारली, तुम्हाला सांगतो. वय वर्षं एकसष्ट, आणि कबुतरासाठी उड्या मारतोय.

संध्याकाळी क्लबात गेलो ती वरात होती वरात. यंत्र आणि टेपरेकॉर्डर आमच्या जुन्या बाबागाडीत, टीव्ही दोघांच्या हातात. मांडलं, जोडलं, कॅसेट वाजवली, सगळ्यांनी कानात बोटं घातली, कार्यक्रम यंत्रात शिरला, मी सगळ्यांची वेळ घातली, आणि इतक्यात कोणीतरी चहाचा मोठा बंब चालू केला. दिवे मिचकावले आणि पडदा काळा! सगळं गेलं. चहा! चहाशिवाय ह्या देशात काही होऊ शकत नाही, आणि चहामुळेसुद्धा होऊ शकत नाही. सिरिल जिभेला पेन्सिल लावत म्हणाला, "कर, सावकाश कर. मी आहेच." मी पुन्हा कॅसेट लावली, पुन्हा किंचाळ्या, पुन्हा एकवीस वेळा. माझं कपाळ घामानं थबथबलं.

आणि मी अठराव्या सभासदापर्यंत आलो असेन, तेवढ्यात सिरिल उभा राहिला. "मंडळी, शांतता." कागद डोळ्यांसमोर धरला. पुन्हा बघितला. त्याचा चेहरा असा झाला, जसं कोणी त्याच्या तोंडात लिंबू पिळलं. "पहिला नंबर," तो म्हणाला, "व्हर्नन सग्डन. डचेस."

सगळे बाकावर पेले आपटायला लागले, हर्बर्टनं मला मिठी मारली, बेअरस्टोंनी काचेच्या कपाटातून कप काढला आणि माझ्या हातात दिला. जड असतो हो तो. मला बावीस वर्षांत माहीत नव्हतं किती जड असतो. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, लपवून काय करू? एनिड टेबलामागे उभी राहून ॲप्रनला डोळे पुसत होती. मी तिच्याकडे बघितलं आणि मनात म्हटलं, आता हे यंत्र गेलं खड्ड्यात.

पण लोक गप्प बसतात होय? मागून कोणीतरी म्हणालं, "अरे, यंत्राचं काय झालं ते पण बघू की." झालं. मी कप डाव्या बगलेत धरला, उजव्या बोटानं उरलेल्या तिघांच्या वेळा घातल्या, बटण दाबलं. एका सेकंदात. खरोखर एका सेकंदात, जसं मी सभेत बोललो होतो. एनिडनं चष्मा लावला आणि वाचलं, तिचा आवाज बारीक होत गेला. "पहिला नंबर... सिरिल ऑक्सली, ब्रिगेडियर. बाराशे एकाहत्तर पूर्णांक एकसष्ट. दुसरा... तू. बाराशे एकाहत्तर पूर्णांक छप्पन."

आता तुम्ही म्हणाल, आपलं कबूतर पहिलं आलं म्हणून सिरिल खूश झाला असेल. सिरिल? तो लाल झाला. "यंत्र चुकतंय," तो ओरडला. "व्हर्ननच जिंकलाय!" आणि मी, तीन महिने रक्त आटवलेला माणूस, मी काय करावं? मीही ओरडलो, "खबरदार यंत्राला काही बोललास तर! तूच जिंकलास!" "मी हरलो म्हणतोय ना!" "हरायला मी बसलोय इथं, तू कसा हरतोस बघतो!" कप माझ्या बगलेत, आणि मी ज्याच्या अंगावर धावून जातोय त्याला सांगतोय की कप तुझा आहे. तो मला ढकलतोय आणि म्हणतोय, नाही, तुझा आहे. बेअरस्टो चाळीस वर्षं अध्यक्ष आहेत, पण असला तंटा त्यांच्यापुढे पहिल्यांदाच आला.

शेवटी एनिडनं सिरिलचा कागद मागितला. नमुना वाचतात तसा वाचला, ओठ हलवत. सिरिलचं घर टेकडीपलीकडे, माझ्यापेक्षा अकराशे चाळीस यार्ड लांब, आणि त्याचा ब्रिगेडियर आला डचेसनंतर त्रेपन्न सेकंदांनी. "सिरिल, ह्या त्रेपन्न सेकंदांची मिनिटं किती धरलीस?"

"शून्य पूर्णांक नऊ. अंदाजे."

"पण ती होतात शून्य पूर्णांक अठ्ठ्याऐंशी. तेवढ्यानं तू तुझ्याच ब्रिगेडियरला मागे टाकलंस."

"मी तीस वर्षं सेकंद असेच धरतो," सिरिल म्हणाला, आणि म्हणाल्यावर त्याला कळलं की आपण काय बोललो.

एकवीस माणसं मनातल्या मनात आपापले जुने निकाल काढून बसली. हर्बर्ट हळूच म्हणाला, "म्हणजे एकाहत्तर साली माझी..." बेअरस्टोंनी टेबलावर हात आपटला. "जुनं कोणी उकरायचं नाही. आजचं बोला. यंत्र बरोबर की पेन्सिल बरोबर, हात वर करून मत द्या, आणि हा विषय मरेपर्यंत पुन्हा नको."

यंत्र बरोबर होतं. मला माहीत होतं ते. त्या खोलीत माझ्याइतकं कोणालाच माहीत नव्हतं. ओळ चाळीसचा स्वल्पविराम, साठ मिनिटांच्या त्या तीन ओळी, सगळं मी माझ्या बोटांनी घातलं होतं, आणि त्याच बोटांनी बावीस वर्षांनी धरलेला कप. तोच तर वैताग.

"यंत्राच्या बाजूनं?" बेअरस्टोंनी विचारलं. एकोणीस हात. तुम्हाला सांगतो, सिरिल ऑक्सलीच्या पेन्सिलीविरुद्ध एकोणीस हात, ह्याच क्षणासाठी मी तीन महिने बोटं झिजवली होती. "आणि पेन्सिलीच्या बाजूनं?" दोन. एक सिरिल, ताठ उभा, स्वतःच्या हरण्यासाठी हात उंच करून. आणि दुसरा हात कोणाचा, ते बेअरस्टोंना चष्मा लावून शोधावं लागलं नाही. त्या हातात कप होता.